पत्रिकेतले उमाकांतराव

पवनी तालुक्यातल्या एका गावात उकंडराव नावाचे म्हातारे राहत. तीन एकर धानाची शेती. तरुणपणी दंडारीत ढोलकी वाजवलेली, त्यामुळे अड्याळपासून लाखांदूरपर्यंत ओळख. नातू पुण्यात नोकरीला. त्याचं लग्न ठरलं तेव्हा पत्रिकेचा मजकूर त्यानंच लिहिला. ‘उकंडराव यांचे नातू’ लिहायला हात धजेना. उकंडा म्हणजे उकिरडा. मुलीकडचे लोक नागपूरचे, काय म्हणतील? त्यानं ‘उमाकांतराव’ छापून घेतलं. पहिलं अक्षर तेच आहे, म्हणजे फार खोटंही नाही, अशी मनाची समजूत घातली. (पुण्यात चार वर्षं काढली की माणूस आधी गाव सांगायला लाजतो, मग नाव.)

पत्रिका वाटून झाल्या. इकडे नवरा-नवरीची नावं मागाहून वाचतात, आधी कोणाच्या घरचं कार्य ते बघतात. अड्याळच्या चैतरामजींनी पत्रिका उलटसुलट केली आणि कोनाड्यात टाकली. कोंढ्याच्या फागोजींना वाटलं, पोरानं चुकीच्या घरी दिली. सुकरूजींनी तर भलताच अर्थ काढला. पत्रिकेत उकंडरावांचं नाव नाही, म्हणजे म्हातारा गेला आणि आपल्याला कळवलंही नाही! ते बायकोला घेऊन निघाले, अंगणात शिरताच बायकोनं गळा काढला, आणि समोर उकंडराव अंबाडीचा दोर वळत बसलेले.

चैत्रात जन्मला तो चैतराम, फाल्गुनातला फागो, शुक्रवारचा सुकरू. जन्मदाखला हाती नसायचा त्या काळात नावच दाखल्याचं काम करायचं. पण उकंडराव हे नाव महिन्यावारातून आलेलं नव्हतं.

रात्री म्हाताऱ्यानं पत्रिका वाचून घेतली. “काहून रे बावा, हा उमाकांत कोन होय?”

नातू आधी गप्प राहिला, मग वकिली करू लागला. “आबाजी, वाईट नावं सरकारसुद्धा बदलून देतं. सातारा जिल्ह्यात २०११ साली नकोशी नावाच्या २८५ मुलींना नवी नावं दिली. मोठा कार्यक्रम झाला होता.”

“बेस केलं,” म्हातारा म्हणाला. “त्या पोरी मायबापाला नको होत्या. मी मरनाला नको व्हावा म्हनून मायनं माजं असं नाव ठेवलं.”

मग त्यांनी सांगितलं. त्यांच्याआधीची तीन लेकरं सहा महिन्यांच्या आत गेली होती. चौथ्या खेपेला सुईणीनं नाळ कापली, बाळाला सुपात ठेवलं आणि सूप नेऊन उकंड्यावर ठेवलं. शेजारणीनं ते उचललं, ‘मला सापडलं’ म्हणाली. आईनं तिला पसाभर कोंडा देऊन बाळ विकत घेतलं. कचऱ्यातलं, कोंड्याच्या मोलाचं पोर. यमानं तरी कशाला न्यावं? डावपेच एवढाच.

नातवाला हे कोणी कधी सांगितलं नव्हतं. त्यानंही कधी विचारलं नव्हतं म्हणा.

“पवनीला जगन्नाथ टेकडीवर खोदकाम चाललं तवा मी टोपल्या उचलत होतो,” म्हातारा पुढे म्हणाला. ते उत्खनन १९६९-७० मधलं. मातीखालून बौद्ध स्तूप निघाला, आणि ज्यांनी दान दिलं त्यांची नावं ब्राह्मी लिपीत दगडावर कोरलेली निघाली, दोन हजार वर्षांपूर्वीची. “एकाचं नाव नाग होतं, साहेबानं वाचून दाखवलं. सापाचं नाव, पन दगडात कोरलं. तू कागदावर लाजला.”

म्हातारा रागावला नव्हता. त्यानं पत्रिका घडी करून परत दिली आणि झोपायला गेला. ते नातवाला जास्त लागलं.

नव्या पत्रिका छापायला वेळ नव्हता. दुसऱ्या दिवशी तो मोटारसायकल काढून निघाला. अड्याळ, कोंढा, मधली सगळी गावं. प्रत्येक दारात उभं राहून त्याला एकच वाक्य म्हणावं लागलं: “उकंडरावाच्या नातवाचं लग्न आहे, मी तोच नातू.” पहिल्या दोन घरी आवाज खाली होता. चैतरामजींच्या घरी त्यांनी कानावर हात धरून तीनदा वदवून घेतलं. खरंच कमी ऐकू येत होतं की मुद्दाम, ते त्यांनाच ठाऊक. लग्नाला मात्र सगळे आले, दोनदा भात टाकावा लागला.

कचरू, दगडू, धोंडू ही नावं अशाच भीतीतून आली आहेत. भिकाजी देवाकडे मागून घेतलेला, तर नथू नाक टोचून मुलगी म्हणून लपवलेला. तुमच्याही घराण्यात असं एखादं नाव असेल. ते बदलायचं असेल तर राजपत्रात रीतसर बदलता येतं. अर्ज भरण्याआधी घरातल्या सर्वांत म्हाताऱ्या माणसाजवळ बसा आणि हे नाव का ठेवलं, एवढं विचारून घ्या.