मुक्यांची साक्ष

न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयात १९३३ साली तीन भव्य मृण्मूर्ती मांडल्या गेल्या. दोन योद्धे आणि एक प्रचंड शिर. रोमच्या वैभवापूर्वी इटलीत नांदलेल्या एट्रुस्कन लोकांची ही कला, असे पंडितांनी सांगितले. लोक पाहून थक्क झाले. पुढे तपासणीत मूर्तींच्या काळ्या रंगात मँगनीज सापडले. एट्रुस्कन कुंभार ते वापरीत नसत. आणि १९६१ साली आल्फ्रेडो फिओराव्हान्ती नावाच्या वृद्ध कारागिराने कबुली दिली की, ह्या मूर्ती आम्हीच घडविल्या! भट्टी लहान, म्हणून त्या फोडून तुकड्यातुकड्यांनी भाजल्या. एका योद्ध्याचा अंगठा त्याने आठवण म्हणून जपला होता. तो बरोबर जुळला.

मला प्रश्न पडतो तो असा: काल सुंदर असलेली मूर्ती आज टाकाऊ कशी झाली? माती तीच, घाट तोच. मग आपण इतके दिवस दाद दिली ती कुणाला? रूपाला, की वयाला?

रसिक म्हणेल, सुंदर ते सुंदर. कर्ता कुणी का असेना. हे मला पुरते पटत नाही. आईचे म्हणून जपलेले पत्र परक्याने लिहिलेले निघाले, तर अक्षर कितीही वळणदार असो, ते आपण पुन्हा उशाशी ठेवू का?

एट्रुस्कनांचे ग्रंथ नष्ट झाले. सम्राट क्लॉडिअसने लिहिलेला त्यांचा इतिहासही हरवला. हजारो लेख उरले, पण ते बहुतेक त्रोटक; भाषाही पुरती उलगडलेली नाही. अशा मुक्या लोकांची बाजू मांडायला उरल्या केवळ वस्तू. चेर्व्हेतेरी येथे १८८१ साली तुकड्यांच्या रूपात सापडलेली एक शवपेटी आज रोमच्या व्हिला जुलिया संग्रहालयात आहे. तिच्यावर पतिपत्नी एकाच मंचकावर रेलून मेजवानीला बसली आहेत. त्याचा हात तिच्या खांद्यावर. ग्रीक मेजवान्यांत कुलीन पत्नीला स्थान नसे. इथे ती पतीच्या बरोबरीने बसली आहे, हे अडीच हजार वर्षांनंतर आपल्याला ती मातीच सांगते. ती माती खोटी असती तर?

म्हणून फिओराव्हान्तीच्या हस्तकौशल्याला मी खुशाल दाद देतो; आपल्या नावाने त्याने मूर्ती घडविल्या असत्या तर नमस्कारही केला असता. पण त्याने मेलेल्यांच्या तोंडी आपले शब्द घातले. जिवंत माणूस खोट्या साक्षीला निदान हरकत घेऊ शकतो. मेलेल्याला मात्र आपल्या प्रामाणिकपणावाचून दुसरा वकील नाही.