‘कुनी’ म्हणजे नेमका कोणता देश?

सप्टेंबर १८५७. जपानच्या दक्षिण टोकाला, कागोशिमाच्या गढीत एक माणूस कॅमेऱ्यासमोर ताठ बसला आहे. अंगावर दरबारी पोशाख, त्यावर शिमाझू घराण्याची मुद्रा : वर्तुळात बसवलेले अधिकचे चिन्ह. चांदीचा मुलामा दिलेल्या तांब्याच्या पत्र्यावर ही छबी उमटली. ती काढली इचिकी शिरो या त्याच्याच पदरच्या माणसाने, अनेक वर्षे खटपट करून. जपानी माणसाने काढलेले, आज शिल्लक असलेले हे सर्वांत जुने छायाचित्र मानतात. छायाचित्रातला माणूस म्हणजे सात्सुमा संस्थानचा अधिपती शिमाझू नारिआकिरा.

त्या काळी सात्सुमातला माणूस ‘कुनी’ म्हणजे ‘देश’ म्हणे, तेव्हा त्याच्या डोळ्यांसमोर बहुधा सात्सुमाच असे. मराठी वाचकाला हे वेगळे समजावून सांगायला नको. ‘देशावरची माणसे’ म्हणताना आपल्याही मनात घाटमाथ्यापलीकडचा मुलूखच असतो. जपानात अडीचशेहून अधिक दायम्यो, म्हणजे संस्थानिक होते. प्रत्येकाची फौज वेगळी, तिजोरी वेगळी. त्यांच्यावर शोगुनचा, म्हणजे एदोतल्या (आजच्या टोकियोतल्या) लष्करी सत्ताधीशाचा अंमल. संस्थानिकाने एक वर्षाआड एदोत हजेरी लावायची आणि त्याच्या बायकामुलांनी कायम तिथेच ओलीस राहायचे, असा दंडक होता.

या दंडकाचा एक परिणाम शोगुनच्या ध्यानीमनीही नसेल. नारिआकिरा १८०९ मध्ये एदोतच जन्मला, तिथेच वाढला. पणजोबा शिगेहिदे यांना डच विद्येचे, म्हणजे डचांमार्फत येणाऱ्या पाश्चात्त्य विद्येचे वेड. त्यांच्या सहवासात नातवंडाच्या मुलाला जग दिसले ते सात्सुमाच्या वेशीतून नव्हे, राजधानीतून. पुढे अफूच्या युद्धात चीन हरला आणि ती बातमी नागासाकीमार्गे जपानात पोचली. एवढा मोठा चीन टिकला नाही, तर एकटे सात्सुमा काय टिकणार? त्याच्या मनातल्या ‘कुनी’च्या सीमा इथे रुंदावल्या, असे मला वाटते.

वारसाहक्काच्या कडवट भांडणानंतर १८५१ मध्ये, चाळिशी ओलांडल्यावर, त्याला गादी मिळाली. कागोशिमाजवळ इसो इथे त्याने ‘शुसेइकान’ हा कारखान्यांचा समूह उभारला. तोफा ओतायची भट्टी, जहाजबांधणी, काच. भट्टी पुस्तकावरून बांधायची होती आणि ती पुन्हा पुन्हा फसत होती. पाश्चात्त्य माणसे माणसेच आहेत आणि आपणही माणसेच, मग आपल्याला का जमणार नाही, असा धीर त्याने कारागिरांना दिल्याचे सांगतात. पण या उद्योगाला लागलेला पैसा कुठून आला, हेही सांगितले पाहिजे. त्यातला मोठा वाटा आमामी बेटांवरच्या साखरेचा होता. तिथला शेतकरी ऊस पिकवी आणि साखर संस्थानच्या मक्तेदारीत जाई. आधुनिक जपानच्या पायाभरणीत त्या बेटांचा घाम आहे, आणि त्याची आठवण फार कमी जणांना आहे.

जहाजे तयार होऊ लागली तसा वेगळाच प्रश्न आला : त्यांवर निशाण कोणाचे? परदेशी जहाजांच्या गर्दीत जपानी जहाज ओळखू यावे म्हणून पांढऱ्यावर लाल सूर्य असावा, हा आग्रह धरणाऱ्यांत नारिआकिरा पुढे होता. १८५४ मध्ये शोगुनशाहीने ते चिन्ह स्वीकारले. स्वतःच्या घराण्याची मुद्रा छातीवर मिरवणाऱ्या संस्थानिकाने जहाजासाठी मात्र सगळ्यांचे निशाण मागितले. माझ्या मते त्याच्या सगळ्या तोफांपेक्षा ही मागणी मोठी होती.

१८५८ मध्ये तो अचानक वारला. सत्तेची सूत्रे सावत्र भाऊ हिसामित्सुच्या हाती आली. १८६३ मध्ये ब्रिटिश आरमाराने कागोशिमावर तोफा डागल्या, शुसेइकान जळाले. पण दोनच वर्षांत त्याच सात्सुमाने १९ जणांची तुकडी गुपचूप ब्रिटनला पाठवली, त्यातले बहुतेक शिकायला गेलेले तरुण.

पुढची पायरी सर्वांत अवघड होती. शोगुनशाही जाऊन सत्ता सम्राटाकडे आल्यावर १८६९ मध्ये सात्सुमासह चार संस्थानांच्या अधिपतींनी जमीन आणि प्रजा सम्राटाला परत केली. १८७१ मध्ये सगळी संस्थाने खालसा होऊन जिल्हे झाले. हे घडवून आणणाऱ्यांत साइगो ताकामोरी आणि ओकुबो तोशिमिची होते, दोघेही सात्सुमाच्या खालच्या थरातले सामुराई. साइगोला तर नारिआकिरानेच हेरून वर आणले होते.

संस्थाने खालसा झाल्याची बातमी कागोशिमात पोचली तेव्हा हिसामित्सुने संतापाने रात्रभर आतषबाजी करवली. त्याच्यासाठी ‘कुनी’ अजून सात्सुमाच होता. सरकारने केस कापायला मुभा दिली, तरी त्याने डोक्यावरची शेंडी शेवटपर्यंत ठेवली. १८८७ मध्ये तो वारला, तेव्हा त्याच सरकारने कागोशिमात शासकीय इतमामाने त्याचे अंत्यसंस्कार केले.