शोक म्हणजे अविश्वास काय?



9 ऑक्टोबर 2018 रोजी भिलाईच्या पोलाद कारखान्यात कोक ओव्हन विभागाच्या वायुवाहिनीचा स्फोट होऊन दहाहून अधिक माणसे मृत्युमुखी पडली. भिलाई हे नोकरीनिमित्त प्रांतोप्रांतींहून आलेल्यांचे नगर. येथे कोणाच्याही घरी मृत्यू झाला, की अंत्यविधी आटोपून नातलग नागपूर-अकोल्याची गाडी धरतात. पहाटेच्या पाळीचा डबा करण्याची सवय असलेली पत्नी पुढेही चारलाच जागी होते, आणि डबा आता कोणासाठी, हे तिला कणीक मळायला घेतल्यावर आठवते.

अशा घरी आपण सांत्वनास जातो व म्हणतो, "रडू नका, ते प्रभूजवळ आहेत." उत्तरार्ध आपला विश्वासच आहे, परंतु पूर्वार्ध उच्चारण्याचा अधिकार आपणांस कोणी दिला?

योहानाच्या अकराव्या अध्यायाचे भाषांतर तपासताना मी दर वेळी थबकतो. मरीया व तिच्याबरोबरचे लोक यांच्या रडण्याला मूळ ग्रीकमध्ये विलापाचे क्रियापद आहे. प्रभूसाठी मात्र अश्रू ढाळण्याचे निराळेच क्रियापद येते, आणि ते सबंध नव्या करारात पुन्हा कोठेही नाही. मराठीत दोन्हींसाठी 'रडणे' हेच लेखणीतून उतरते! लाजर थोड्याच वेळात कबरेबाहेर येणार, हे ठाऊक असूनही प्रभूने अश्रू ढाळले. पुनरुत्थानाच्या आशेने अश्रूंना मनाई केली असती, तर सर्वांआधी त्याचेच थांबले असते.

एकाकीपणाचा प्रश्न याहून अवघड आहे. पंडिता रमाबाईंनी दुष्काळात आईवडील, पुढे भाऊ, 1882 मध्ये पती आणि 24 जुलै 1921 रोजी एकुलती कन्या मनोरमा गमावली. तरीही केडगावी त्यांचे मराठी बायबलचे काम चालूच राहिले. 5 एप्रिल 1922 रोजी त्या स्वतः निवर्तल्या. काम हेच शोकावरचे औषध, असा निष्कर्ष काढण्याचा मोह मलाही झाला होता. परंतु रमाबाईंच्या अवतीभवती मुक्तिसदनातील कितीतरी मुली व स्त्रिया होत्या. दोन खोल्यांच्या क्वार्टरात कोण असते?

ईयोबाचे मित्र सात दिवस त्याच्याजवळ मुकाट बसले, तोवर ठीक होते. बिघडले ते बोलू लागल्यावर. म्हणून मंडळीत कोणी निवर्तले तर तारीख टिपून ठेवा आणि तिसऱ्या महिन्यात एखाद्या संध्याकाळी त्या घरी जा. बायबल पिशवीत असू द्या. मागितले तर काढा. गेलेल्या माणसाचे नाव आपणहून घ्या. ती रडेल या भीतीने सर्वांनी ते टाळलेले असते. मग ती बोलू लागली, की घड्याळाकडे पाहू नका.