वाद्य मिळवणे

ड्रमचे स्थान वरातीत आणि ऑर्गनचे चर्चमध्ये, ही वाटणी आपल्या मनात खोल रुजलेली आहे. तिला आधारही होता. २२ नोव्हेंबर १९०३ रोजी, संत सिसिलियाच्या सणाच्या दिवशी, पोप दहावे पायस यांनी काढलेल्या आदेशाने पियानो आणि ड्रम, झांजा यांसारखी गोंगाटी वाद्ये चर्चमध्ये वर्ज्य ठरवली. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने १९६३ साली ऑर्गनचा मान राखला, परंतु उपासनेला साजेशी असलेल्या, किंवा तशी करता येणाऱ्या, इतर वाद्यांनाही दार उघडले.

तशी करता येणे म्हणजे काय, हा प्रश्न मात्र उरतो. बहुतेकदा त्याचा अर्थ दाबणे असा घेतला जातो. मोठ्या ड्रमच्या पोटात उशी, लहान ड्रमवर रुमाल. तक्रार मिटते आणि वाद्याची वाचाही बसते. मिळवणे हे काम निराळे आणि चिकाटीचे आहे. कडेचा एक स्क्रू चावीने थोडा पिळायचा, मग समोरचा. प्रत्येकाजवळ हलकेच टिचकी मारून सगळीकडे एकच स्वर येतो का, ते ऐकायचे. नंतर खालचा पडदा. दोन्ही पडदे सारखे ताणले तर नाद लांबतो. खालच्याचा ताण बदलला की तो आवरता येतो.

आपण तबला मिळवतो तो गाणाऱ्याच्या षड्जाशी. ड्रमला मिळायचे असते ते वास्तूशी आणि शब्दांशी. उंच छपराच्या, दगडी भिंतींच्या चर्चमध्ये प्रत्येक आघात रेंगाळतो. सरावाच्या खोलीत भरदार वाटलेला ड्रम तिथे स्तोत्राचे शब्द गिळून टाकतो. वाजवणाऱ्याला हे कळत नाही, कारण तो वाद्याला अगदी खेटून बसलेला असतो. म्हणून कोणीतरी शेवटच्या बाकाशी उभे राहून ऐकावे लागते.

इतरांसाठी आपला आवाज बदलणे हा खोटेपणा नव्हे काय, असे एखादा तरुण वादक विचारील. प्रश्न रास्त आहे. माझ्या मते मिळवलेला ड्रम स्वतःच्याच आवाजात बोलतो, कमी वेळ बोलतो इतकेच. रुमालाखाली कोंडलेल्या ड्रमविषयी असे म्हणवत नाही. मुलाला गायकवृंदात बोलवायचे आणि त्याचे वाद्य मुके करायचे, यापेक्षा ड्रम नको असे सरळ सांगणे अधिक प्रामाणिक. (तसे सांगणारे धर्मगुरू मला मुळीच जुनाट वाटत नाहीत.)

स्नेअर ड्रमची गोष्ट वेगळी. त्याच्या खालच्या पडद्याला तारा टेकलेल्या असतात. शेजारचा ड्रम वाजला, ऑर्गनचा खर्ज लागला, तरी त्या आपोआप थरथरतात. कितीही मिळवले तरी ही कुरकुर पुरती जात नाही. तिच्यासाठी बाजूला एक खटका दिलेला असतो. जाणता वादक प्रार्थना सुरू होण्यापूर्वी तो खाली ओढतो आणि काठ्या मांडीवर ठेवतो.