वाघाने रिपोर्ट भरावा काय?

औषधकंपनीच्या प्रतिनिधीला रोज रिपोर्ट भरावा लागतो. किती डॉक्टरांना भेटलात, किती केमिस्टांकडे गेलात, सँपलं कुणाला दिलीत. पूर्वी हे कार्बन लावून लिहीत, आता मोबाईलवर भरतात. कंटाळा मात्र जुनाच आहे. माझं तर निरीक्षण असं, की जो सर्वांत जास्त माल खपवतो, तोच रिपोर्टाला सर्वांत जास्त भितो. दगडाच्यासुद्धा गळी खोकल्याचं औषध उतरवील असा गडी. पण रकाना दिसला की जांभया देतो.

आमच्या शेजारी असाच एक वाघ राहतो. "काका, मी विकू की लिहू?" असं विचारतो. सवाल बिनतोड आहे. वाघाने शिकार करावी, नोंदी कसल्या ठेवायच्या? साहेबांनाही तसंच वाटतं. मग नियम उरतात ते शेळ्यांपुरते.

पण गंमत अशी, की वाघाने सोडलेला रकाना रिकामा राहत नाही. महिनाअखेरीला ऑफिसातली एखादी कारकून बाई त्याची तिकिटं नि बिलं जुळवत रात्री आठपर्यंत बसते. वाघाला इन्सेन्टिव्ह, बाईला चुकलेली लोकल! एकाच्या कर्तबगारीचा भुर्दंड दुसऱ्याने का भरावा?

आणि वाघाला कुणी काही विचारायचंच नाही असं ठरलं, तर? लंडनची बेअरिंग्ज बँक १७६२ सालची. तिच्या सिंगापूरच्या वाघाकडे, निक लीसनकडे, सौदे करणं आणि त्या सौद्यांचे हिशेब सांभाळणं, दोन्ही कामं होती. कागदावर नफा दिसत होता, विचारतो कोण? १९९५ साली ८२ कोटी ७० लाख पौंडांचा खड्डा निघाला आणि बँक एका पौंडाला विकली गेली. आपल्याकडे एवढ्या पैशांत फार तर कोथिंबीर येईल.

म्हणून माझं मत असं : रिपोर्ट चार रकान्यांचाच करा. जे कुणी वाचणार नाही ते विचारूच नका. चाळीस रकाने दिलेत की माणूस छत्तीस थापा मारतो. पण ते चार रकाने मात्र वाघालाही चुकू नयेत.

हिशेब मागणं म्हणजे अविश्वास नव्हे. वाण्याकडून सुटे पैसे आपण मोजून घेतो, म्हणून काही त्याला चोर म्हणत नाही. उलट मोजून घेतले, की उद्या त्याच दुकानात हसतमुखाने जाता येतं.