जन्म चोरणाऱ्याचा अपराध

‘चोरणे’ ह्या मराठी क्रियापदाचा एक विशेष असा आहे की, त्याचे कर्म नेहमीच परक्याच्या मालकीचे असते असे नाही. दुसऱ्याचे धन चोरले जाते हे खरे. पण मनुष्य अंग चोरतो ते स्वतःचे, आणि नजर चोरतो तीही स्वतःचीच. असल्या चोरीत चोर व धनी एकच असतात आणि मुद्देमाल कोठे बाहेर जात नाही. तो आतल्या आत दडविला जातो. बाबूराव बागुलांच्या १९६३ साली प्रसिद्ध झालेल्या ‘जेव्हा मी जात चोरली होती’ ह्या कथासंग्रहाच्या नावात हे क्रियापद नेमके ह्या अर्थाने आले आहे. अमेरिकेतील गौरवर्णी दिसणारा कृष्णवर्णीय जेव्हा आपला जन्म दडवून गोऱ्यांत मिसळतो, तेव्हा त्या कृत्यास तेथे ‘पासिंग’ म्हणतात. म्हणजे पार होणे, खपून जाणे. हा शब्द वेशीवरील पहारेकऱ्याच्या बाजूने पाहतो. आमचा शब्द घराच्या बाजूने पाहतो. ह्या दोन दृष्टींपैकी खरी कोणती, हाच ह्या लेखाचा प्रश्न आहे. आणि त्याचे उत्तर नीतिशास्त्राच्या ग्रंथांपेक्षा तीन-चार अमेरिकन कादंबऱ्यांत मला अधिक स्पष्ट सापडले.

प्रथम पहारेकऱ्याचा हक्क तपासू. १८९२ साली होमर प्लेसी नावाचा गृहस्थ लुइझियानात आगगाडीच्या गोऱ्यांसाठी राखलेल्या डब्यात जाऊन बसला. त्याच्या आठ पणजोबा-पणज्यांपैकी सात गोरे होते. त्यास पाहून कोणास काही ओळखू येण्यासारखे नव्हते. आपण कायद्याच्या दृष्टीने काळे आहो, हे त्यास स्वतःच्या तोंडाने सांगावे लागले, तेव्हा कोठे त्यास अटक झाली. हा सारा प्रकार कायद्याची परीक्षा पाहण्यासाठी ठरवून केलेला होता. १८९६ साली सर्वोच्च न्यायालयाने निर्णय दिला तो त्याच्या विरुद्ध, आणि वेगळ्या डब्यांची ती व्यवस्था पुढे अर्धशतकाहून अधिक काळ कायदेशीर ठरली. १९२४ साली व्हर्जिनिया राज्याने तर असा कायदा केला की, ज्याच्या रक्तात अन्य वंशाचा मागमूसही नाही तोच गोरा. मात्र त्या राज्यातील काही प्रतिष्ठित घराणी पोकाहोंटास ह्या आदिवासी कन्येचे वंशज म्हणून मिरवीत असत, म्हणून अमेरिकन इंडियन रक्ताच्या सोळाव्या हिश्शापुरती एक सवलत त्यात ठेवावी लागली! रक्ताची शुद्धता इतकी पवित्र, पण कुलाभिमान तिच्याहूनही पवित्र.

तेव्हा ह्या समाजात ‘काळा’ ही गोष्ट देहावर नसून दफ्तरात होती. जो मनुष्य ‘मी गोरा’ म्हणतो, तो कोणते सत्य नाकारतो? डोळ्यांना दिसणारे नव्हे. केवळ दफ्तरातील नोंद. आणि ही नोंद ज्याने केली त्याने ती ज्ञानाच्या इच्छेने केलेली नाही. कोणास कोणत्या डब्यातून उतरवावे, कोणास शाळेच्या कोणत्या दारातून परत धाडावे, एवढ्यासाठीच केली आहे. असा प्रश्न विचारणाऱ्यास खरे उत्तर मिळण्याचा अधिकार आहे काय? बेंजामिन कॉन्स्टां ह्या फ्रेंच लेखकाचे म्हणणे, ज्यास सत्यावर हक्क आहे त्याच्यापुरतेच सत्य सांगण्याचे कर्तव्य असते. कांटने १७९७ साली त्यास उत्तर दिले, की मित्राचा खून करावयास आलेल्यालाही खोटे सांगणे अयोग्यच. ह्या वादात आपली परंपरा कॉन्स्टांच्या बाजूची आहे. कर्णपर्वातील कौशिक नामक तपस्व्याने, लपलेली माणसे कोणत्या बाजूस गेली हे लुटारूंना सत्यव्रतापायी सांगून टाकले. ती माणसे मारली गेली आणि कौशिक नरकास गेला. लोकमान्यांनीही ‘गीतारहस्या’त सत्याच्या अपवादांचा विचार करताना महाभारतातील अशा प्रसंगांचा आधार घेतला आहे.

ह्यावर कोणी सत्यकाम जाबालाचे नाव घेईल. आपले गोत्र ठाऊक नाही हे त्याने निर्भयपणे सांगितले आणि त्या सत्यापायीच गुरूने त्यास जवळ केले. उदाहरण उदात्त आहे, ह्यात शंका नाही. पण त्याचा अर्धा मोठेपणा हारिद्रुमत गौतमाच्या पदरी घातला पाहिजे, हे आपण विसरतो. सत्यकामाच्या दारात गौतम उभा होता. कर्णाच्या दारात परशुराम. दार तेच न उघडता सत्यकामाचे धैर्य मात्र प्रत्येकाकडून मागणे, ही आतल्या लोकांस परवडणारी नीती आहे.

इतक्यावर जन्म चोरणारा निर्दोष सुटला असे वाटेल. परंतु कादंबरीकार त्यास इतक्या सहज सोडीत नाहीत. आणि विशेष हे की, ज्या आरोपातून नीतिशास्त्र त्यास मुक्त करते तो आरोप ते त्याच्यावर ठेवीतच नाहीत. ते दुसराच ठेवतात.

जेम्स वेल्डन जॉन्सन ह्यांचे ‘एका माजी काळ्याचे आत्मचरित्र’ १९१२ साली निनावी प्रसिद्ध झाले. १९२७ साली ते लेखकाच्या नावानिशी पुन्हा निघाले. त्यातील निवेदकास नावच नाही. शाळेत एके दिवशी मुख्याध्यापक येऊन गोऱ्या मुलांना उभे राहावयास सांगतात. तोही उभा राहतो. आणि बाई त्यास खाली बसावयास सांगतात. घरी येऊन तो आरशात आपला चेहरा न्याहाळतो व मग आईकडे धाव घेतो. पुढे तो उत्तम पियानोवादक होतो; आपल्या लोकांचे संगीत गोळा करून त्यातून काही थोर निर्माण करावे, ह्या हेतूने दक्षिणेत हिंडतो. तेथे एका काळ्या माणसास जमावाने जिवंत जाळलेले तो पाहतो. तो स्वतः त्याच जमावात उभा असतो, कारण त्यास कोणी ओळखत नाही. त्या क्षणी त्याच्या मनात भय नव्हे, तर लाज उत्पन्न होते. ज्यांना जनावरांहूनही वाईट वागविता येते अशा लोकांशी आपले नाते असल्याची लाज. जाळणाऱ्यांची लाज वाटावी, ती जळणाऱ्याची वाटली! वर्णभेदाचा सर्वांत खोल विजय कोठे होतो, हे दाखविणारे ह्याहून भेदक स्थळ मला माहीत नाही.

आता पाहा, ह्या मनुष्याने शब्दशः खोटे असे काही सांगितलेले नाही. त्याने नाव बदलले, मिशी राखली आणि जगास जे समजावयाचे ते समजू दिले. इतकेच नव्हे, जिच्याशी विवाह करावयाचा त्या गोऱ्या तरुणीस त्याने सर्व सत्य सांगितले. म्हणजे जिला उत्तराचा अधिकार होता तिला उत्तर मिळाले. कांटपुढे तो जवळजवळ निरपराध उभा राहू शकेल. तरीही अखेरीस, धनवान झालेला तो गृहस्थ पिवळ्या पडत चाललेल्या आपल्या संगीताच्या हस्तलिखितांकडे पाहतो, तेव्हा आपण काय देऊन काय घेतले हे त्यास कळून चुकते. नुकसान पहारेकऱ्याचे झालेले नाही. ते त्या गाण्यांचे झाले आहे.

नेला लार्सन ह्यांच्या १९२९ सालच्या ‘पासिंग’ कादंबरीत हाच व्यवहार दोन स्त्रियांत वाटला गेला आहे. क्लेअर केंड्री आपला जन्म दडवून एका श्रीमंत गोऱ्याची पत्नी झाली आहे. तो काळ्यांचा उघड द्वेष करतो आणि पत्नीचा रंग सावळत चालला म्हणून तिला थट्टेने काळ्यांसाठी असलेल्या शिवीवरून बनविलेल्या नावाने हाक मारतो. आयरीन रेडफील्ड मात्र हार्लेममध्ये आपल्या लोकांत राहते, समाजकार्याच्या सभा भरविते, आणि क्लेअरविषयी तिच्या मनात तिरस्कार आहे. पण ह्या दोघींची भेट होते ती शिकागोतील एका उंची हॉटेलाच्या गच्चीवर, आणि तेथे आयरीनही गोरी म्हणून बसलेली आहे! उन्हाने जीव कासावीस झाला, थंड चहा हवा होता, एवढेच कारण. लेखिकेने ह्यावर काही भाष्य केलेले नाही, हे तिचे मोठे शहाणपण. पुढे सर्व सुखे हाताशी असता क्लेअर जीव धोक्यात घालून पुन्हा पुन्हा हार्लेमला येते; तिला तेथे मिळवावयाचे असे काही नाही; नुसते आपल्या माणसांत बसावयाचे आहे. अखेर ती खिडकीतून खाली पडते. पडली की ढकलली गेली, हे लार्सन सांगत नाहीत. परंतु त्या खोलीत तिच्या मरणाने सुटका वाटावी अशी व्यक्ती आयरीनच होती, हे वाचकास ठाऊक असते. घर सोडून गेलेलीला परत घेण्यास घरही तयार नसते.

फिलिप रॉथ ह्यांच्या २००० सालच्या ‘द ह्यूमन स्टेन’मध्ये तर घाव थेट आईवर घातला आहे. कोलमन सिल्क हा हुशार तरुण आधी आपल्या गोऱ्या प्रेयसीस रविवारी घरी जेवावयास नेतो. म्हणजे सत्य सांगूनच पाहतो. परतताना ती रडत निघून जाते. पुढच्या वेळी तो सांगत नाही. आईवडील वारले अशी थाप वाग्दत्त वधूस मारून, जिवंत आईस तो हे कळवावयास येतो. आई आक्रोश करीत नाही. ती सौदा करू पाहते: एखाद्या स्थानकावर मी बसून राहीन, तू मुलांना घेऊन समोरून जा, किंवा मुले सांभाळणारी पगारी बाई म्हणून मला बोलाव, मी दुसरे नाव घेऊन येईन. म्हणजे मुलाने जन्म चोरला, तेव्हा त्या चोरीत आईलाही आपले आईपण चोरावे लागणार होते, आणि तीही त्यास राजी होती. हे पृष्ठ वाचल्यावर कॉन्स्टां आणि कांट दोघेही दूर उभे राहतात. कारण येथे फसविले गेलेल्याचा प्रश्नच नाही. प्रश्न टाकून दिलेल्याचा आहे.

माझे म्हणणे एवढेच आहे. जन्म चोरणाऱ्याचा दोष असत्यात नाही, तो विच्छेदात आहे. ही दोन्ही एकत्रच येतात असेही नाही. वॉल्टर व्हाइट ह्यांचे डोळे निळे आणि वर्ण गोरा होता. १९१८ सालापासून त्यांनी कृष्णवर्णीयांच्या राष्ट्रीय संघटनेतर्फे दक्षिणेत गोरा म्हणून हिंडून जमावाने केलेल्या हत्यांची चौकशी केली. मारेकरी त्यांच्यापाशी फुशारकी मारीत आणि ती सर्व माहिती जगापुढे येत असे. १९१९ साली आर्कान्सामध्ये ओळख फुटल्यामुळे त्यांना घाईने गाडी गाठून निसटावे लागले. असत्य तेच, वेष तोच. पण धागा तुटलेला नाही. कर्णानेही परशुरामापाशी जन्म चोरला आणि शाप घेतला. पण श्रीकृष्णाने त्याचे खरे कुल सांगून राज्य पुढे केले, तेव्हा राधा व अधिरथ ह्यांना सोडावयास तो तयार झाला नाही. महाभारताने त्यास कशाबद्दल मोठे मानले आहे, हे सांगावयास नको.

येथे एका धोक्याची जाणीव ठेवली पाहिजे. विच्छेद हा दोष म्हटला की, जे राहिले, ज्यांनी सोसले, त्यांचे गोडवे गाण्यास आपली लेखणी फार लवकर सरसावते. चिवटपणाची ही स्तुती बहुधा ज्यांना सोसावे लागत नाही तेच करतात. बागुलांच्या त्या कथेत रेल्वेतील नोकरीसाठी गुजरातेत गेलेला निवेदक निवाऱ्यासाठी जात दडवितो, उघडा पडतो व बेदम मार खातो. त्यास सोडवावयास धावतो तो जात न लपविणारा त्याचाच एक जातभाई. पण बागूल ह्या दुसऱ्यास पुतळ्यासारखा उभा करीत नाहीत. जात उघड ठेवून जगावयाचे म्हणजे कमरेला सुरी बाळगूनच जगावयाचे, हे ते दाखवितात. सुरीवाचून जगता येत नसेल, तर न लपविणे हा सद्गुण राहत नाही. तो रोजचा युद्धप्रसंग होतो. आणि प्रत्येकाने युद्धावर जावे असा हुकूम काढणारे आपण कोण?

मुलांचा प्रश्न मात्र मला सुटलेला नाही. क्लेअर मुलीच्या जन्मापूर्वीचे सर्व महिने ह्या भीतीत काढते की, बाळाचा रंग आपल्याला उघडे पाडील. दुसरे मूल तिला नकोच. कोलमन सिल्कची चारही मुले गोरी निपजतात आणि आपली आजी कोण होती हे ठाऊक नसताना वाढतात. त्यांतील एकाच्या मनात बापाविषयी कायमची अढी आहे, आणि तिचे कारण त्याचे त्यासही सांगता येत नाही. जॉन्सनचा निवेदक तर मुलांसाठीच गप्प राहतो. त्यांच्या कपाळी डाग लागू नये म्हणून. पहारेकऱ्यास उत्तराचा हक्क नाही हे ठरले. पण मुलास आहे. आणि ते उत्तर देताच पहारेकऱ्याची नोंद त्या मुलाच्याही नावापुढे चढणार असते. पत्नीस निर्धाराने खरे सांगणारा तो बाप आपल्या दोन लेकरांपुढे बसून पियानो वाजवितो की नाही, हे त्या पुस्तकात कोठे आलेले नाही.