स्फोटाला कारण हवं का?

शांताल आकेरमाननं वयाच्या १८व्या वर्षी, १९६८ मध्ये, ब्रसेल्समध्ये ‘सोत मा वील’ हा १३ मिनिटांचा कृष्णधवल लघुपट केला. भूमिकाही तिचीच. एक मुलगी गुणगुणत स्वयंपाकघरात शिरते, खाते, फरशी पुसायची म्हणून आधी कपाटातलं सामान खाली फेकते. बुटाला पॉलिश करता करता ब्रश थेट पायावर चढवते. शेवटी स्फोट. पडद्यावर नवरा नाही, सासू नाही, पूर्वकथा नाही. पेच इथेच आहे. कारण सांगितलं तर सगळा दोष त्या कारणाच्या माथी जातो आणि काम नामानिराळं राहतं. न सांगावं तर मुलीचंच डोकं फिरलं असं म्हणून प्रेक्षक मोकळा होतो.

‘मग एखादा धागा तरी द्यायचा,’ असं कुणी म्हणेल. समजा, फसवणारा प्रियकर दाखवला. आपण हळहळू, आणि स्वयंपाकघर नुसतं नेपथ्य उरेल. आकेरमान त्याऐवजी कामाची हालचालच दाखवते: बूट केव्हाच चकचकीत झालाय, हात मात्र थांबत नाही. माझ्या मते कारण तिथेच आहे. ‘पण हे आजाराचं लक्षणही असू शकेल ना?’ असू शकेल, लघुपट ते नाकारत नाही. मात्र कामाने आलेला थकवा आणि आजार एक नव्हेत, हे जागतिक आरोग्य संघटनाही मानते. तिच्या रोगवर्गीकरणाच्या ११व्या आवृत्तीत ‘बर्नआउट’ हा आजार नसून कामाच्या ठिकाणच्या, आवरता न आलेल्या दीर्घ ताणाचा परिणाम मानला आहे. गंमत अशी, की हा शब्द जगण्याच्या इतर क्षेत्रांना लावू नये असंही तिथे बजावलंय. म्हणजे घरकामाला आधी काम म्हणायचं की नाही ते ठरवा, मग त्या बाईच्या थकव्याला नाव मिळेल!

तरी एक आक्षेप मला खोडता येत नाही. या मुलीची घडी विस्कटली, की ती मुळात कधी बसलीच नव्हती, हे १३ मिनिटांत कळत नाही. आकेरमानलाही ते जाणवलं असावं, असा माझा तर्क आहे. १९७५च्या ‘जान दीलमान’ या चित्रपटात तिनं ३ तास २१ मिनिटं घेतली: आधी एका विधवेचा काटेकोर दिनक्रम, मग दुसऱ्या दिवशी जास्त शिजून गेलेले बटाटे. तिच्या हातून खून होतो तो त्यानंतर, आणि तोवर प्रेक्षक ‘का?’ असं विचारताना आपोआप त्या बटाट्यांकडे वळलेला असतो.